सुताराची चूक

पायरी नव्हती. ओदिल ब्रेसोलचा उजवा पाय रोजच्या सवयीनं उचलला गेला, हवेत जरा थबकला आणि पायरी असायची त्या जागेतून थेट सपाट फरशीवर येऊन आदळला. दातांवर दात आपटले. छातीशी धरलेल्या फायली निसटता निसटता वाचल्या. कोर्टाची मोठी खोली अजून रिकामी होती, कुणी पाहिलं नव्हतं, म्हणून तिनं निःश्वास सोडला. आणि मग तिला स्वतःचंच हसू आलं. लाकडी चौथरा कीड लागून पोखरला होता, सुतारांनी तो शनिवारीच उखडून नेला होता, तीन आठवडे सगळं कामकाज जमिनीवर चालणार होतं. तसा कागद आला होता, तिनं स्वतः वाचून पुढं पाठवला होता. पण डोक्याला कळवलं म्हणजे पायाला कळतंच असं थोडंच आहे! इतकी वर्षं हा पाय त्या पायरीवर चढत आला. न्यायाधीश ज्या दारानं येतात त्याच दारानं यायचं, त्यांच्याच उंचीवर बसायचं, आणि आरोपी, वकील, साक्षीदार सगळे खाली. ओदिल अभियोक्ता, म्हणजे सरकारतर्फे खटला मांडणारी, आणि वकिलांचा यावर एक जुना टोमणा आहे. अभियोक्त्याची खुर्ची वर असणं ही मुळात सुताराची चूक, ती आमच्या शेजारी खालीच असायला हवी होती, म्हणतात. दर नवा वकील हा विनोद जगात आपणच पहिल्यांदा करतोय अशा थाटात करतो. ओदिलला त्याचं कधी काही वाटलं नव्हतं. लग्नाकार्यात कुणी तिची ओळख सरकारी वकील म्हणून करून दिली की मात्र ती थंडपणे दुरुस्ती करायची: वकील नाही, न्यायाधिकारी. न्यायाधीशांच्याच शाळेत शिकले, त्यांचीच शपथ घेतली, उद्या बदली झाली तर त्यांच्याच खुर्चीत बसेन.

आज मागच्या दारासमोर फळ्या रचल्या होत्या, म्हणून तिला लोकांच्या दारानं, लोकांच्या आधी यावं लागलं. तिचं टेबल बाकांना इतकं खेटून मांडलं होतं की बाकावरच्या माणसानं हात लांब केला असता तर तिची पेन्सिल उचलली असती. ती बसली. खोली एकदम उंच झाली आणि ती स्वतः बुटकी. खिडक्यांचे खालचे कोपरे तिनं कधी पाहिलेच नव्हते. तिथं कुणीतरी नखानं रंग खरवडला होता. वाट बघणाऱ्या माणसांनी इथं बसून काय काय केलं असेल, असा विचार तिच्या मनात आला, आणि तो विचार तिला आवडला. लहानपणी असंच असायचं. आईचं केस कापायचं दुकान होतं, स्टेशनसमोर, दोन खुर्च्यांचं. ओदिल टॉवेलांच्या घड्या घालत कोपऱ्यात बसायची आणि बायका बोलायच्या. केस ओले असले की माणूस काय वाट्टेल ते बोलतं, आई म्हणायची. कुणाचा नवरा कुणाकडं जातो, कुणाच्या पोटात काय दुखतं, कुणी सासूच्या सूपमध्ये मुद्दाम मीठ जास्त टाकलं. ओदिल परीक्षा पास झाली, काळा झगा अंगावर आला, आणि पुढच्याच सुट्टीत ती दुकानात शिरली तशा आतल्या बायका गप्प. आईसुद्धा कात्री हातात धरून नुसती हसली. तेव्हापासून तिला कुणी काही सांगितलं नाही. जबाब मिळाले, ढिगानं मिळाले, पानोपानी सह्या केलेले. पण सांगणं वेगळं.

“बरं झालं बाई, तुम्ही लवकर आलात,” शेजारून आवाज आला.

एक म्हातारी बाकावरून उठून सरळ टेबलाच्या या बाजूला आली होती आणि रिकामी खुर्ची ओढून बसलीसुद्धा. सत्तरीला टेकलेली, रुंद हाडाची, हिरव्या कोटाची बटणं गळ्यापर्यंत लावलेली. अंगाला साबणाचा वास, आणि त्याच्याखाली नदीच्या गाळाचा, जो कितीही घासलं तरी जात नाही. मांडीवर प्लॅस्टिकची पिशवी. “मीच गिल्मेत पोतां. फोनवर तुमचा आवाज किती पोरसवदा वाटला हो! मला म्हणाल्या होतात ना, काळा झगा, चष्मा, खोलीत भेटू म्हणून.”

ओदिलच्या जिभेवर वाक्य तयार होतं. मी तुमची वकील नाही, मी अभियोक्ता. इतकंच. झगा तोच काळा, चष्मा तिलाही होताच, गळ्यापाशी तीच पांढरी पट्टी. वकिलाच्या खांद्यावर एक कापडी पट्टा लोंबतो, तो कोण बघतं. रोज ओदिल वर असते, म्हणून झग्यावरून घोळ होत नाही. वाक्य तयार होतं आणि ती ते म्हणणार होती. पण बाई दम घ्यायला थांबली तर ना!

“ऐका, तो पोरगा आत येईल, तो हवालदार कोर्बँ, त्याच्या आधी सांगते. जाळं माझं नाही. जिल्दासचं आहे, माझ्या नवऱ्याचं. म्हणजे होता नवरा, आता नाही, कधीच हाकलला त्याला. वाम माशाची पिल्लं चोरून पकडायला रोज रात्री नदीकाठावर जातो, छातीत हा एवढा कफ आणि वारं कसलं बोचरं! मी कॉफी द्यायला गेले होते हो. तेवढ्यात पोलिसांचे दिवे दिसले. म्हटलं, मेल्या, जाळं दे इकडं आणि झाडीतून पळ. पळतोय कसला! खोकत खोकत चालत गेला. आणि हे शहाणे माझ्याच तोंडावर बॅटरी मारत उभे.”

ओदिल हसली. हसू तोंडातून निसटलं, आणि तिथंच सगळं बिघडलं. कारण हसलेल्या माणसाला मागं फिरून मी ती नव्हेच असं म्हणणं किती अवघड असतं.

“त्याला आधीची शिक्षा आहे, डोक्यावर टांगलेली. पुन्हा सापडला की सरळ आत. आत गेला की उन्हाळा बघत नाही तो, डॉक्टरच म्हणाला. तेव्हा जाळं माझं, बादली माझी, अक्कल गहाण ठेवली तीही माझी. तुम्ही एवढंच म्हणा, म्हातारी आहे, वेडी आहे, सोडा. आणि ती वर बसणारी बया आहे ना, फिर्यादीवाली, तिच्यापुढं मला जास्त बोलायला लावू नका. मला खोटं बोलताना घाम येतो. गेल्या वर्षी जिल्दासला तिनंच लटकवला.”

गेल्या वर्षी. वामीची पिल्लं किलोला सोन्याच्या भावानं जातात, काचेच्या दोऱ्यासारखी असतात, धरायला बंदी आहे, तरी दर हिवाळ्यात डझनभर लोक पकडले जातात. ओदिलनं जिल्दास नावाचा माणूस आठवायचा प्रयत्न केला. खोकणारा माणूस. काहीच आठवलं नाही. किती महिने मागितले होते ते आठवलं असतं, फाइल दाखवली असती तर.

“कशी दिसते ती?” ओदिलनं विचारलं.

हे तिनं स्वतः विचारलं. कुणी गळा धरला नव्हता. आत्तापर्यंत ती ऐकत होती, आता ती विचारत होती, आणि विचारताना तिच्या अंगावर चक्क शहारा आला, आईच्या दुकानात पडद्याआडून ऐकताना यायचा तसा.

“कशी म्हणजे? तिचं तोंड कुणी बघितलंय! खालून नुसती हनुवटी दिसते. सगळा वेळ कागदात डोकं. एकदा म्हणून मान खाली घालून माणसाकडं बघितलं नाही बयेनं. जिल्दास बाहेर येऊन काय म्हणाला माहितेय? म्हणाला, मला एका हनुवटीनं शिक्षा दिली.” आणि गिल्मेत इतकी मोकळी हसली की तिच्या पिशवीतला थर्मास खडखडला.

तेवढ्यात दार उघडलं, लोक आत येऊ लागले, लिपिक जोसियान संगणक लावू लागली, आणि गिल्मेत “बाकावर बसते, मला हाक मारा” म्हणून उठून गेली. खुर्ची उबदार राहिली. ओदिलनं हनुवटीला हात लावला. मग घाईनं काढला.

आता काय करायचं, हे तिनं शांतपणे ठरवायचा प्रयत्न केला. फाइल तिच्यापुढं होती. वरच्या बाजूला तिचे वरिष्ठ, मुख्य अभियोक्ता लारोकसाहेब यांची लेखी मागणी टाचलेली: सहा महिने, प्रत्यक्ष कैद. सकाळीच त्यांनी जिन्यात गाठून सांगितलं होतं, “ओदिल, वामीच्या पिल्लांत ढिलाई नको हं. सगळ्यांना आत.” “सगळ्यांना, साहेब?” “सगळ्यांना. त्या टोळ्या बघतायत आपण किती कच्चे आहोत ते.” कागदावर साहेबांचं म्हणणं जायलाच हवं, तो नियम. पण उभं राहून बोलताना अभियोक्त्याचं तोंड त्याचं स्वतःचं असतं, हाही नियमच, आणि ओदिलला तो पाठ होता, जसा एखाद्याला घरातला न उघडलेला माळा पाठ असतो. साहेबांच्या लिहिण्यात आणि तिच्या बोलण्यात इतक्या वर्षांत फरक पडला नव्हता. भीतीमुळं नव्हे. तिला खरंच तेच वाटायचं. की वाटायचं काही नाही आणि कागद आयता मिळायचा? हे तिनं स्वतःला आजवर विचारलंच नव्हतं आणि नेमकं आज, इथं, कोटांच्या ओल्या वासात विचारायची काय गरज होती.

घंटा वाजली, सगळे उठले. न्यायपीठाच्या अध्यक्षा फेराँ आपल्या दोन सहकारी न्यायाधीशांबरोबर लोकांच्याच दारानं आल्या आणि फरशीवरच्या टेबलामागं अवघडून बसल्या. पहिलंच नाव पोतां. एक तरुण चष्मेवाली वकील धापा टाकत आली, झगा एका खांद्यावरून घसरलेला, आणि म्हातारीच्या दंडाला हात लावून कुजबुजली, “मादाम पोतां? मी मेत्र रोझेल, तुमची वकील. ट्राम अडकली हो, माफ करा.” गिल्मेतनं तिच्याकडं पाहिलं. मग ओदिलकडं. मग पुन्हा तिच्याकडं. अध्यक्षा म्हणाल्या, “मादाम अभियोक्ता, सुरू करायचं?” आणि ओदिल “हो” म्हणाली. त्या एका अक्षरानं म्हातारीच्या चेहऱ्यावरचं सगळं रक्त उतरलं. ओदिलनं ते पाहिलं. इतक्या जवळून पाहिलं की गालावरची एक बारीक शीर थरथरताना दिसली. वरून हे दिसलं नसतं, आणि आज दिसलं म्हणून तिला लाज वाटली, उघड, कान तापवणारी लाज.

प्रश्न सुरू झाले. जाळं कुणाचं? माझं. बादली? माझी. आवाज कोरडा, एकेक शब्द चावून काढलेला. हवालदार कोर्बँ पुढं आला, गोरा, नम्र, मिशीचा, आणि म्हणाला की गाळात बुटांच्या दोन जोड्यांचे ठसे होते. “दुसरं कोण होतं, मादाम?” अध्यक्षांनी विचारलं. “मीच. एक बूट रुतला म्हणून दुसरी जोडी घातली,” गिल्मेत म्हणाली. “चव्वेचाळीस नंबरची?” कोर्बँनं हळूच विचारलं. बाकांवर हशा पिकला. “पाय सुजतात माझे,” गिल्मेत म्हणाली, आणि तिच्या कपाळावर खरंच घाम होता.

ओदिलचं लक्ष कोर्बँकडं होतं. तो हसत नव्हता. म्हणजे आता हे असं होतं: सगळं सांगून टाकावं, तर ते कर्तव्यच, कारण तिनं शपथ घेतली होती सत्य शोधायची, आरोपीच्या विरुद्ध असो की बाजूचं, आणि जिल्दास संध्याकाळपर्यंत आत. म्हातारीला निर्दोष सोडा म्हणावं, तर तेही खरंच. आणि कोर्बँ इथून थेट नदीकाठच्या त्या खोकणाऱ्याच्या दारात. मला बदला, दुसऱ्या कुणाला बसवा, असं म्हणावं? ते सगळ्यांत सोपं. अभियोक्त्यांची सगळी कचेरी कायद्याच्या लेखी एकच माणूस, खुर्चीतलं माणूस उठलं तर दुसरं त्याच जागी बसतं आणि अर्धं वाक्य तिथून पुढं बोलतं, कुणाला काही वाटत नाही. पण का उठलीस, हे कुणीतरी विचारणारच, आणि का याला उत्तर न देणं हेच उत्तर. शिवाय कचेरी एकच, तर तिच्या कानांनी ऐकलेलं लारोकसाहेबांनीही ऐकलंच की! साहेब आपल्या गरम खोलीत बसलेत आणि त्यांना ठाऊक नसताना त्यांना ठाऊक आहे की जाळं जिल्दासचं. ही कल्पना इतकी विचित्र होती की तिला ती उलटसुलट करून बघावीशी वाटली. राहिलं एकच. म्हातारीला हवं ते करायचं. तिनं न केलेल्या गुन्ह्याबद्दल तिला दोषी ठरवा, असं आपल्या तोंडानं मागायचं, हे माहीत असताना.

“मादाम अभियोक्ता?”

ती उभी राहिली. उभं राहिल्यावर समोरच्याच्या डोळ्याला डोळा येतो हेही नवं होतं. “मी फाइलीत जे आहे त्यावरच बोलेन,” ती म्हणाली. “लेखी मागणी जोडलेली आहे, ती आपण वाचलीत. तोंडी मी तुरुंग मागत नाही. वय बघा. आधीची एकही शिक्षा नाही. आरोपीनं पहिल्या क्षणापासून कबुली दिली आहे. एक महिना, तोही स्थगित. जाळं जप्त व्हावं.” अध्यक्षांच्या भुवया वर गेल्या. “म्हणजे आपण लेखी मागणीपासून दूर जाताय?” “हो, जातेय.” जोसियानची बोटं क्षणभर थांबली, मग टकटक सुरू झाली. ओदिलनं बोललेलं मनात पुन्हा एकदा तपासून पाहिलं. वय, खरं. आधीची शिक्षा नाही, खरं. कबुली दिली, हेही खरं. एकही शब्द खोटा नव्हता आणि सगळं मिळून शुद्ध थाप होती. हे इतकं सहज जमतं? मग आजवर इथं किती वेळा जमलं असेल, कुणाकुणाला? मेत्र रोझेल उठली, बिचारीनं घोकून आणलेलं अर्धं भाषण गिळून टाकलं, म्हणाली, “माझ्याकडं फारसं बोलायला शिल्लक नाही.” थोड्या वेळानं निकाल आला: एक महिना, स्थगित. गिल्मेतनं मान डोलावली आणि पिशवी उचलली. तिनं ओदिलकडं पाहिलं नाही.

मधल्या सुट्टीत ओदिल तळमजल्याच्या बोळात कॉफीच्या यंत्रापाशी गेली. साहेबांचा फोन येणार हे तिला माहीत होतं. पण ती साहेबांचा विचार करत नव्हती. हाकललेल्या नवऱ्यासाठी माणूस एवढं का करतं, हा प्रश्न तिला छळत होता. सकाळी एक मिनिट अजून मिळालं असतं तर म्हातारीनं तेही सांगितलं असतं, हसत हसत, थर्मास खडखडवत. जिन्यापाशी गिल्मेत वकिलीण पोरीचा निरोप घेत होती. ओदिलनं दोन पावलं तिकडं टाकलीसुद्धा. नुसतं विचारायचं होतं.

“मादाम ब्रेसोल.” कोर्बँ कागदी पेला हातात घेऊन यंत्राशेजारी उभा होता. आवाजात आदर, अगदी रीतसर. “एक विचारू का? सकाळी मी दारातून डोकावलो तेव्हा या बाई तुमच्याशेजारी बसल्या होत्या. बऱ्याच बोलत होत्या. काय म्हणत होत्या?”

गिल्मेतनं ऐकलं होतं. ती वळली. “काय म्हणणार? शौचालय कुठंय विचारत होते. तुमच्या वयात नाही कळायचं ते.”

कोर्बँनं तिच्याकडं बघितलंसुद्धा नाही. तो ओदिलकडं बघत उभा राहिला, संशयानं नव्हे, नुसती वाट बघत. तिनं हो म्हटलं की त्याच्यापुरतं संपणार होतं. अभियोक्त्याचा शब्द, आणखी काय हवं होतं त्याला.

“हो,” ओदिल म्हणाली. “जिन्याखाली आहे, म्हणून सांगितलं. आतला दिवा लागत नाही, जपून जा म्हटलं.”

दिव्याचं कुणी विचारलं नव्हतं. खोटं बोलणारं माणूस न विचारलेली एक गोष्ट पदरची घालतं, म्हणजे खरं वाटावं. समोरचे लोक असं करायचे तेव्हा ओदिलचा कान ते अचूक टिपायचा, आणि आज तो आवाज तिच्याच गळ्यातून निघाला होता. “अस्सं,” कोर्बँ म्हणाला आणि त्यानं पेला तोंडाला लावला.

“बघा, बोलता बोलता पुन्हा लागली,” गिल्मेत म्हणाली. ती ताठ मानेनं जिन्याखाली गेली, कोर्बँला नीट दिसेल अशी, आणि तिनं शौचालयाचं दार उघडलं. दिवा लख्ख लागला. ती क्षणभर उंबऱ्यातच थांबली, मग आत गेली आणि तिनं कडी लावून घेतली. दाराखालून उजेडाची पट्टी बोळातल्या फरशीवर पडली होती.

कोर्बँनं पट्टीकडं पाहिलं. मग पेला खाली धरून, त्या सकाळी पहिल्यांदाच, त्यानं ओदिलच्या चेहऱ्याकडं निरखून पाहिलं.

“लागतो की दिवा,” तो म्हणाला, आणि पुढचा प्रश्न यायची ओदिल वाट बघू लागली.